सोरेन्सन ट्रिगर

खिटीच्या कडेवर एक चकचकीत रेघ होती. माणसाच्या केसाच्या निम्म्याहून अरुंद, एका टोकाला किंचित फुगलेली. बाकीचा सगळा पृष्ठभाग शिसपेन्सिलीच्या टोकासारखा करडा आणि निस्तेज.

मार्लिस सोरेन्सनने सूक्ष्मदर्शकाखालचा तुकडा चिमट्याने फिरवला आणि दुसऱ्या बाजूने पाहिलं. रेघ तिथेही होती. करडा रंग म्हणजे पोलादाची कातडी, भट्टीत मुरवून आणलेला कागदाहून पातळ असा कठीण थर. जिथे चमक होती तिथे तो थर उरला नव्हता. आतलं मऊ पोलाद उघडं पडलं होतं आणि झिजायला लागलं होतं.

खिटी म्हणजे पिस्तुलाच्या पोटातला नखाएवढा तुकडा. घोडा मागे ताणला की ती त्याला अडवून धरते आणि बोटाने ट्रिगर ओढला की सोडते. याखेरीज तिला दुसरं काम नाही. पण बोट न लावता ती सुटायला लागली, तर ते पिस्तूल मग कुणाचंच राहत नाही.

"गार्थ, इकडे ये."

"तिथूनच बोल. जवळ येऊन ऐकावा इतका काही तुझा आवाज गोड नाही."

तिचा थोरला भाऊ दुकानाच्या पुढच्या भागात एका पिस्तुलावर नेम धरायची लाल ठिपक्याची काच बसवत होता. आयडाहोच्या या कोपऱ्यात हमरस्त्याला लागून त्यांच्या वडिलांनी टाकलेलं हे दुकान. लोक कारखान्यातून निघालेलं साधं पिस्तूल घेऊन यायचे आणि गार्थ त्याचं सोनं करायचा. नवी नळी, हलक्या स्प्रिंगा, हाताला चिकटून राहील अशी खरखरीत मूठ, गोळ्यांचं मॅगझिन न बघता आत जावं म्हणून मुठीच्या तळाला नरसाळं. हे सगळं वेगवेगळ्या कंपन्यांकडून सुटं मिळतं आणि कुणालाही बसवता येतं. गार्थची खासियत होती ट्रिगर. भाग तो बाहेरूनच मागवायचा, पण खिटी स्वतः तेलाच्या दगडावर घासायचा, कड आरशासारखी होईपर्यंत. मग तो ट्रिगर काचेची काडी मोडावी तसा सुटायचा. ना खरखर, ना ओढाताण. शेजारच्या राज्यांतून लोक त्यासाठी गाडी मारून येत. पाकिटावर छापलेलं असे: सोरेन्सन ट्रिगर. आणि खाली बारीक अक्षरांत: धातुशास्त्रज्ञ मार्लिस सोरेन्सन यांनी तपासलेला.

मार्लिसने तपासली होती ती भट्टीतून आलेली खिटी. तिचा कठीणपणा चोख होता. त्यानंतर दगडावर काय होतं, त्याबद्दल पाकीट काही बोलत नव्हतं.

"वेल्डाबाईंची खिटी गेली आहे," ती म्हणाली.

"गेली? कुणाचा हात धरून?"

"कड झिजली आहे. तू फार घासतोस. वरचा थर निघून जातो. सुरुवातीला सुरेख चालतं, एखादा हंगाम जातोही, आणि मग ती घोड्याला नीट धरत नाही. हिवाळ्यात तो दाताचा डॉक्टर आला होता, त्याच्या पिस्तुलातही हेच होतं. मी तुला दाखवलं होतं."

"तू मला रोज काहीतरी दाखवतेस." गार्थने मान वर केली नाही. "त्या भिंगातून पाहिलं तर बायबलच्या पानावरही किडे दिसतील. त्या डॉक्टरने जन्मात बंदूक साफ केली नाही. लोकांच्या तोंडात हात घालणारा माणूस, त्याचं काय सांगतेस?"

"आणि वेल्डाबाई? त्यांचं पिस्तूल तुझ्याहून स्वच्छ असतं."

आता त्याने पेचकस खाली ठेवला. "ऐक. तुझी नोकरी होती तो कारखाना बंद पडला नसता तर तू अजून तिथेच पांढरा कोट घालून फिरत बसली असतीस. इथे बाबांच्या उशाशी मी होतो. थुंकीचं भांडं मी धूत होतो. आणि तू आलीस ती अर्धा वाटा घेऊन."

"मी मागितला नव्हता. बाबांनी दिला."

"म्हातारपणी माणसाला दिसत नाही नीट." तो हसला, पण फक्त ओठांनी. "गिऱ्हाईक येतं ते माझ्या हातासाठी. तुझं नाव पाकिटावर आहे, कारण पाकिटावर जागा उरली होती."

मार्लिसने चिमट्यातला तुकडा छोट्या ताटलीत ठेवला. "मी कारखान्याची मूळ खिटी बसवून देते. उद्याच्या नेमबाजीच्या सामन्यापुरती."

"आणि मैदानावर ती ओरडेल, हा ट्रिगर आहे की ट्रॅक्टरचा ब्रेक! सगळ्यांसमोर! राज्य समितीची बाई उद्या तिथे येणार आहे, हे विसरलीस का?"

दाराची घंटा वाजली. वेल्डा हॅच आत आल्या. साठी उलटलेल्या, खांद्याने रुंद. पूर्वी त्या शाळेची बस चालवत आणि हे दोघे बहीणभाऊ त्याच बसमध्ये मागच्या बाकावरून एकमेकांना चिमटे काढत.

"काय गं पोरी, माझं बाळ न्हाऊन तयार आहे का?"

मार्लिस बोलायच्या आत गार्थने तिच्यासमोरची ताटली उचलली. त्याचे हात खरोखरच सुंदर चालत. खिटी जागेवर गेली, पिन बसली, घोडा, स्प्रिंग, मूठ. पाहता पाहता पिस्तूल पूर्ण झालं. वेल्डाबाईंनी ते रिकामं असल्याची खात्री केली, भिंतीकडे रोखलं आणि ट्रिगर ओढला. टक्.

"अहाहा. लोण्यातून सुरी. गार्थ, तू तोंडाने कितीही घाण असलास तरी हाताने देवमाणूस आहेस बघ."

"मार्लिस काहीतरी सांगणार होती तुम्हाला," गार्थ म्हणाला आणि गल्ल्याला टेकून बहिणीकडे पाहत राहिला.

त्या पाहण्यात सगळं होतं. बोल. सांग, की आपला माल वाईट आहे. सांग, आणि मग उद्यापासून या दुकानात काय विकायचं तेही सांग. तुझं घर, तुझी गाडी, तुझ्या थंडीतल्या लाकडाचे ढीग, सगळं याच ट्रिगरवर चालतं.

"उद्या वारा असेल," मार्लिस म्हणाली. "बाजूने बंद असलेला चष्मा लावा."

"मी बस बर्फातून चालवली आहे, पोरी. वाऱ्याचं काय सांगतेस."

त्या गेल्यावर गार्थने पुन्हा पेचकस उचलला. "बघ," तो म्हणाला, "गप्प बसणं किती सोपं असतं."

मार्लिसने सूक्ष्मदर्शकावर कापड टाकलं. दोन नमुने, ती स्वतःशी म्हणाली. दोन नमुन्यांवरून निष्कर्ष काढत नाहीत. प्रयोगशाळेत तिला हेच शिकवलं होतं आणि ते खरंही होतं. इतकं खरं आणि इतकं सोयीचं वाक्य तिने बऱ्याच दिवसांत उच्चारलं नव्हतं.

*

मैदान म्हणजे लाव्हाच्या काळ्या दगडाची जुनी खाण. तिच्या पोटात मातीचे उंच बांध घालून खण पाडले होते. प्रत्येक खणात पिंपं, लाकडी चौकटी आणि पुठ्ठ्याची लक्ष्यं. बांधापलीकडे सेजची करडी रानझुडपं आणि त्यापलीकडे बटाट्याची शेतं, जिथे पाणी फवारणारे लांबलचक पाइप चाकांवर सावकाश फिरत. वारा सकाळपासूनच सुटला होता. पुठ्ठे चौकटीत थडथडत होते.

मार्लिस तिसऱ्या खणावर पंच होती. ती स्वतः स्पर्धेत उतरत नसे. ती कुणाचा वशिला चालू देत नाही आणि फालतू बोलत नाही, म्हणून क्लबने तिच्या हाती टायमर दिला होता. नेमबाजाच्या खांद्यामागे उभं राहायचं, हुकूम द्यायचे, त्याच्या हातांवरून डोळे हलवायचे नाहीत आणि शेवटी वेळ मोठ्याने वाचायची. पंचाने वेळ वाचली की ती लागू. त्यानंतर बोलायला काही उरत नाही.

पिस्तुलं सगळ्यांच्या कमरेला होती, पण रिकामी. पंचाने सांगितल्याशिवाय कुणी गोळी भरायची नाही, हा इथला पहिला नियम. पिस्तूल हाताळायचं तर फक्त कोपऱ्यातल्या टेबलावर, बांधाकडे तोंड करून. तिथे गार्थ एकटा उभा असलेला पाहून मार्लिस गेली.

"आज तुझं जुनं पिस्तूल वापर."

"का गं?"

"याच्यात तू पहिल्यांदा घासलेली खिटी आहे. सगळ्यात जुनी. सगळ्यात जास्त गोळ्या हिनेच झाडल्या आहेत."

"आणि सगळ्यात जास्त सामने जिंकलेत." त्याने आवाज मुद्दाम चढवला. "काय मंडळी, ऐकलंत का? पंचबाईंनी आज भिंग आणलंय. आता आपल्या नाकातले केस मोजणार!"

मागे हशा पिकला. कुणीतरी म्हणालं, "गार्थ, तुझे मोजायला दुर्बीण लागेल, मेंदूपर्यंत गेलेत ते." पुन्हा हशा. हसणाऱ्यांतल्या निम्म्यांच्या कमरेला सोरेन्सन ट्रिगर होता. कुणाच्या कमरेला, ते तिला माहीत होतं. किती जुना, तेही.

"गार्थ, तू माझ्याशी हवं तसं वाग. पण—"

"तू पंच आहेस ना? मग पंचासारखी उभी राहा. बटण दाबायचं, आकडा वाचायचा. एवढ्यासाठी काही पदवी लागत नाही."

क्लबचे अध्यक्ष मेरिल बिंगम तिकडे आले. उन्हाने भाजलेली मान, हातात रूट बियर या बिनदारूच्या गोड पेयाची बाटली. बटाट्याच्या शेतीतून वेळ काढून त्यांनीच ही खाण भाड्याने मिळवली होती. त्यांनी मार्लिसला दंडाला धरून बाजूला घेतलं.

"आपलेच दात आणि आपलेच ओठ, मार्लिस. घरातलं घरात ठेव. ती बघ, हिरव्या टोपीतली, राज्य समितीची. पुढच्या वर्षी राज्याची अंतिम फेरी कुठे घ्यायची, ते ती ठरवणार. तुझा भाऊ पुढे आहे. या खणावर नीट गेला तर पहिला येतो. इथल्याच गावचा माणूस इथल्याच मैदानावर पहिला. कळतंय ना?"

"तुमच्या पिस्तुलातही त्याचाच ट्रिगर आहे."

"आहे. आणि झकास आहे."

"कधी बसवलात?"

"मागच्या वर्षी बटाटे निघाले तेव्हा. का?"

"मला तो उघडून बघायचाय."

"सामना झाल्यावर बघ." मेरिल हसले, पण दंडावरची पकड सैल झाली नाही. "जेवणं झाल्यावर बघ. माझ्या बायकोने चीज घालून बटाटे केलेत, ते खा आणि मग बघ. पण त्याआधी त्या बाईच्या कानावर 'झिजलं', 'तुटलं' असला शब्द जाऊ देऊ नकोस. मी तुझ्या बापाचा मित्र होतो, म्हणून गोडीत सांगतोय."

"आणि गोडीत सांगितलं नसतं तर?"

"तर टायमर दुसऱ्या कुणाच्या हातात दिला असता. अजून वेळ गेलेली नाही."

सामना झाल्यावर. मार्लिसने ते तोंडातल्या तोंडात म्हणून पाहिलं. ती आपल्या खणाकडे वळली, आणि मेरिलनी तिचा दंड सोडला.

*

गार्थचं नाव पुकारलं गेलं. तो खणाच्या सुरुवातीच्या रेषेवर आला, टोपी उलटी फिरवली, बोटं मोडली. जाताना खांदा तिच्या खांद्यावर आपटला, चुकून आपटावा इतका हलका नाही.

"भरून तयार व्हा," मार्लिस म्हणाली.

त्याने मॅगझिन आत सारलं, पिस्तुलाचा वरचा भाग मागे ओढून सोडला. तो पुढे आपटल्याचा आवाज आला. ती त्याच्या हातांकडे पाहत होती. काही झालं नाही. पिस्तूल कमरेच्या होल्स्टरमध्ये गेलं.

"तयार? ... सावध."

टायमर वाजला.

तो धावला तो पाहण्यासारखा धावला. शरीर जड, पण पाय मांजराचे. प्रत्येक लक्ष्यावर दोन गोळ्या: पहिल्या पिंपाआडून दोन, दोन, दोन. बुटक्या भिंतीवरून वाकून पुन्हा. मॅगझिन खाली पडायच्या आत दुसरं वर गेलेलं. मार्लिस त्याच्या मागे, हातभर अंतर ठेवून. या सगळ्यात तिला त्याचं नेहमीच कौतुक वाटायचं आणि ते आजही वाटलं, याचा तिला राग आला. शेवटच्या चौकटीशी तो थांबला. तिथे उरलं होतं एकच लक्ष्य. दोन गोळ्या.

त्या दोन आल्या, पण एकच लांब आवाज होऊन. पुठ्ठ्याच्या मधोमध एक भोक पडलं. दुसरी गोळी नळी वर उसळलेली असताना सुटली. बांधाच्या अगदी माथ्यावर, जिथून पलीकडे फक्त आभाळ दिसत होतं, धुळीची छोटी कळी उडाली आणि वाऱ्याने पुसली.

"संपलं असेल तर रिकामं करा आणि दाखवा."

त्याने दाखवलं. मॅगझिन बाहेर, आत गोळी नाही. तिने वाकून पाहिलं. त्याने ट्रिगर ओढून रिकामा घोडा पाडला, पिस्तूल कमरेला गेलं.

"मैदान मोकळं."

मागे टाळ्या सुरू झाल्या. "काय बोट आहे राव!" "अरे, शेवटची जोडी ऐकलीस का? एकच आवाज आला!" हिरव्या टोपीतली बाईसुद्धा टाळ्या वाजवत होती. दोघेतिघे चिकटपट्ट्या घेऊन भोकं बुजवायला पुठ्ठ्यांकडे गेले.

मार्लिसने टायमरचं दुसरं बटण दाबलं. गोळ्यांचे आवाज ऐकून प्रत्येक दोन गोळ्यांमधलं वेळेचं अंतर तो लक्षात ठेवतो. सगळ्या जोड्यांची अंतरं गार्थला शोभणारी होती. शेवटचं नव्हतं. ते इतरांच्या चौथ्या हिश्श्याएवढंही नव्हतं. एवढ्यात बोट ट्रिगर सोडून परत ओढू शकत नाही. त्याचंच काय, कुणाचंच नाही. पिस्तुलाचा वरचा भाग मागे जाऊन पुढे आपटला आणि त्या दणक्यानेच घोडा सुटला. दुसरी गोळी कुणी मारलीच नव्हती.

गार्थ तिच्या खांद्यावरून पाहत होता. त्याच्या श्वासाला घामाचा आणि दारूगोळ्याच्या धुराचा वास होता. त्यालाही आकडा वाचता येत होता. तो पांढरा पडलेला तिने डोळ्यांच्या कोपऱ्यातून पाहिला, आणि पुन्हा लाल होतानाही पाहिला.

"बांधाचा प्रतिध्वनी," तो हळू म्हणाला. "टायमर फसला. वेळ वाच."

"ती गोळी बांधाच्या माथ्याला लागली, गार्थ. थोडी वर गेली असती तर शेतात गेली असती."

"गेली नाही. वेळ वाच."

"तुलाही कळलंय."

"मला एवढंच कळतंय," तो दात न उघडता बोलत होता, "की तू तोंड उघडलंस तर उद्या सकाळी दुकानाच्या दारात रांग लागेल. पैसे परत मागणाऱ्यांची. मग कोर्टाची. पाकिटावर तुझंही नाव आहे. बाबांचं दुकान तू बुडवलंस, असं मी या गावात कुत्र्यामांजरांनाही सांगेन. वाच."

"काय खलबतं चाललीत?" आकडे टिपायला बसलेला माणूस ओरडला. "मार्लिस, वेळ!"

"ती जळते हो," गार्थ मागे वळून मोठ्याने म्हणाला. आवाज पुन्हा पहिल्यासारखा, मैदानाला ऐकू जाणारा. "बसच्या बाकावर असल्यापासून जळते. विचारा वेल्डाबाईंना!"

"खरं आहे ते," वेल्डाबाई म्हणाल्या. "आणि हा तिचे केस ओढायचा, तेही खरं." पुढचं नाव त्यांचं होतं. त्या रेषेच्या दिशेने येत होत्या, हातमोजा दातांनी ओढून काढत. "वाच गं पोरी. माझ्या तोंडात धूळ चाललीय. याची वेळ ऐकल्याशिवाय मला भरता येत नाही."

मेरिल दोन्ही हात कमरेवर ठेवून उभे होते. त्यांनी मान हलवली. वाच, अशी. मग हात पुढे केला, टायमर मागायला. गरज पडली तर मी वाचतो, असा.

मार्लिसने टायमर दिला नाही.

वेल्डाबाईंच्या कमरेचं पिस्तूल तिने काल आतून पाहिलं होतं. ती रेघ, एका टोकाला फुगलेली. वेल्डाबाईंचा हात म्हातारा होता. गार्थइतका घट्ट नव्हता. नळी आणखी वर उसळली असती. आणि त्यांच्यानंतर मेरिल. त्यांच्यानंतर तो नाकातल्या केसांवर विनोद करणारा. पुठ्ठ्यांपाशी अजून माणसं होती, पाठमोरी, भोकांवर पट्ट्या दाबत. तिसरा नमुना तिच्या हातात होता. चौथ्याची वाट पाहायची असेल, तर तो कुणाच्या पाठीत शोधायचा?

"मार्लिस," गार्थ म्हणाला. या वेळी त्यात धमकी नव्हती. लहानपणी काही फोडल्यावर यायचा तो आवाज होता, आईला सांगू नकोस म्हणणारा. "मार्लिस, नको."

या आवाजासाठी ती एखादे वेळी गप्प बसलीही असती. पण त्याने फार उशीर केला होता, आणि तिनेही.

ती मागे वळली. तिचा आवाज मोठा नव्हता, म्हणून तिने टाळ्या आणि वारा ओसरेपर्यंत थांबून घेतलं.

"मी वेळ वाचणार नाही," ती म्हणाली. "शेवटची गोळी माझ्या भावाने मारली नाही, ती पिस्तुलातून आपोआप सुटली. वेल्डाबाई, तिथेच थांबा, होल्स्टरवरून हात काढा. मेरिल, तुम्हीही. ज्याच्या ज्याच्या पिस्तुलात सोरेन्सन ट्रिगर आहे, त्याने ते आज भरायचं नाही, घरी जाऊनही भरायचं नाही. तो ट्रिगर वाईट आहे. आम्ही विकलेला प्रत्येक परत घेतोय."